पर्वतीच्या पायथ्याचा शिकारखाना आणि पेशवे उद्यानाचा निरोप

माझे एक माजी विद्यार्थी नोकरीनिमित्त पुण्यास असतात. त्यांनीं गेल्या वर्षीं मला पत्रानें विचारलें कीं, सारसबागेशेजारच्या पेशवे उद्यानांत पूर्वीं जो प्राण्यांचा संग्रह होता, त्याचें मूळ कोणत्या माधवरावांकडे जातें? एका ठिकाणीं त्यांस नुसतें ‘माधवराव पेशवे’ एवढेंच छापलेलें आढळलें होतें. दुसऱ्या ठिकाणीं त्याच नांवापुढें १८७० असें साल होतें. हें साल तर वाचतांक्षणींच टाकून द्यावें. १८१८ सालीं पेशवाई बुडाली आणि शेवटचे बाजीराव १८५१ सालीं ब्रह्मावर्तास वारले. त्यानंतर एकोणीस वर्षांनीं कोणी माधवराव पर्वतीखालीं वाघ-सिंह बांधीत बसले होते असें मानण्यास जागा नाहीं. आंकडा एका शतकानें चुकला असेल असें धरून १७७० घ्यावें, तर ते थोरले माधवराव होतात. हैदर आणि निजाम यांच्यामागें धांवतां धांवतां ज्यांचें आयुष्य झिजलें आणि १७७२ सालीं थेऊरास ज्यांचा अंत झाला, त्यांच्या नांवावर हा षोक घालण्यास आधार काय, तो पाहिला पाहिजे.

पुण्याच्या इतिहासावर लिहिणारे अधिकारी पुरुष पुण्यासच पुष्कळ आहेत. वर्ध्यास राहून एका जुन्या शाळामास्तरानें त्यांत तोंड घालावें हें कित्येकांस धार्ष्ट्य वाटेल. परंतु या उद्यानाशीं माझा संबंध लहानपणापासूनचा आहे, आणि तें बंद होतांना मी तेथें होतों. तेव्हां उत्तर लिहावयास घेतलें तें पत्रांत मावलें नाहीं, म्हणून वाचकांपुढें ठेवीत आहें.

प्रथम जागा समजून घेतली पाहिजे. पर्वतीच्या टेंकडीवर नानासाहेब पेशव्यांनीं देवदेवेश्वराचें देऊळ १७४९ सालीं बांधिलें. त्याच सुमारास टेंकडीच्या पायथ्याशीं आंबिल ओढ्याचें पाणी अडवून तळें करण्याचें काम निघालें. तळें सुमारें पंचवीस एकरांचें होतें, आणि त्याच्या मधोमध सुमारें पंचवीस हजार चौरस फुटांचें बेट राखून त्यावर बाग केली होती. हीच सारसबाग. तळ्याच्या कांठीं हिराबाग झाली. काम मंदावलें असतां नानासाहेब हत्तीवरून उतरून स्वतः दगड उचलूं लागले आणि तें पाहून मानकऱ्यांसही दगड उचलावे लागले, अशी एक आख्यायिका आहे. आख्यायिका म्हणूनच ती घ्यावी. पण त्या कामांत धन्याचें मन किती होतें, हें तिजवरून कळतें. पुढें १७८४ सालीं सवाई माधवरावांच्या कारकीर्दींत त्या बेटावर सिद्धिविनायकाची स्थापना झाली. तळें जाऊन कित्येक वर्षें लोटलीं, त्याच्या कोरड्या तळाशीं आज हिरवळ आहे. तरी पुणेकर त्या देवास अद्यापि ‘तळ्यांतला गणपति’ असेंच म्हणतात. पाणी आटलें, नांव आटलें नाहीं.

येथें थोडें विषयांतर करतों. आयुष्यभर संस्कृत शिकविलेल्या माणसास तें टाळतां येत नाहीं. अमरसिंहानें आपल्या कोशांत राजाच्या बागांचे प्रकार सांगतांना एक सूक्ष्म भेद केला आहे. ज्या वनांत सर्वांस जातां येतें तें आक्रीड किंवा उद्यान, आणि तेंच केवळ अंतःपुराकरितां राखलें तर प्रमदवन. म्हणजे ‘उद्यान’ या शब्दाच्या पोटींच सर्वांस मोकळें असणें हा अर्थ आहे. पुणें महानगरपालिकेनें ‘पेशवे उद्यान’ हें नांव ठेविलें तेव्हां हा अर्थ कोणाच्या मनांत असेल असें नाहीं, पण शब्द बरोबर पडला. (लोकांच्या तोंडीं मात्र ‘पेशवे पार्क’च बसलें, आणि मीही पुढें बोलतांना तेंच म्हणत असें.) कौटिल्य आणखी पुढें जातो. राजाच्या विहारासाठीं मृगवन कसें करावें, हें त्यानें अर्थशास्त्राच्या दुसऱ्या अधिकरणांत सांगितलें आहे: त्यास द्वार एकच असावें, भोंवतीं खंदक असावा, आंत फळझाडें व उथळ पाणी असावें, हरणें माणसाळलेलीं असावींत, आणि हिंस्र पशूंचीं नखें व दाढा मोडलेल्या असाव्यात. लगेच तो दुसरें एक मृगवन सांगतो. हें राज्याच्या कडेला किंवा जमीन मिळेल तसें करावें, आणि तेथें प्रत्येक पशूस पाहुण्याप्रमाणें वागवावें. पहिलें वन माणसाच्या करमणुकीचें, दुसरें पशूंच्या स्वास्थ्याचें. वाचकांनीं हे दोन प्रकार ध्यानांत ठेवावे, पुढें त्यांचें काम पडणार आहे.

आतां मूळ प्रश्न. पर्वतीच्या परिसरांतील शिकारखान्याचा सर्वांत बोलका पुरावा कागदावर आहे, पण तो मोडी कागद नव्हे. तो एक चित्र आहे. इंग्रजांचा वकील चार्लस मॅलेट १७८६ पासून पुण्यास होता. त्याच्या पदरीं गंगाराम चिंतामण नवगिरे तांबट या नांवाचा एक पुणेकर चित्रकार काम करी. वेरूळच्या लेण्यांचीं त्याचीं चित्रें प्रसिद्ध आहेत. याच गंगारामानें पेशव्यांच्या पुण्यांतील प्राणिसंग्रहांतला एक गेंडा काढिला, आणि त्या चित्रावर नोव्हेंबर १७९० अशी मिति आहे. मॅलेटच्या संग्रहांतून फिरत फिरत हें चित्र आज अमेरिकेंत, न्यू हेवन येथील येल विद्यापीठाच्या ब्रिटिश कलासंग्रहालयांत आहे. जेम्स वेल्स हा विलायती चित्रकार १७९१ सालीं हिंदुस्थानांत आला आणि पुढें शनवारवाड्यांत चित्रशाळा निघाली, तीच्या आधींचें हें चित्र आहे, हें विशेष. गंगारामाचा हात वेल्सनें घडविला असें सरसकट लिहिलें जातें, तें या मितीकडे पाहतां सांभाळून लिहिलें पाहिजे.

१७९० सालीं पेशवे होते सवाई माधवराव, वय वर्षें सोळा. त्यांचा जन्म १८ एप्रिल १७७४ रोजीं पुरंदरावर झाला. बापाचें तोंड न पाहिलेला, चाळीस दिवसांचा असतां पेशवाईचीं वस्त्रें मिळालेला आणि नाना फडणिसांच्या नजरेखालीं वाढलेला हा मुलगा होता. राज्य त्याच्या नांवानें चाले, पण हातीं फारसें कांहीं नसे. अशा मुलास पशुपक्ष्यांचा नाद लागावा यांत नवल नाहीं. गेंडा दक्षिणेंत होत नाहीं. तो हिमालयाच्या पायथ्याच्या तराईंत व आसामकडे होतो. तेव्हां तो नजराणा म्हणून आला असो कीं विकत आणला असो, त्याच्या वाटेवरचा प्रत्येक मुक्काम, रोजचा चारा, पाण्याचें डबकें आणि राखणारीं माणसें यांचा खर्च कोणी तरी हिशेबीं घातला असलाच पाहिजे. एका गेंड्यावरून संग्रहाचा व्याप समजतो. थोरल्या माधवरावांच्या पक्षीं असा एकही दिनांकित पुरावा माझ्या पाहण्यांत नाहीं. म्हणून माझें उत्तर स्पष्ट आहे: ‘माधवराव’ म्हणजे येथें सवाई माधवराव.

हा षोक केवळ पुण्याचा होता असें समजूं नये. व्हिएन्नाच्या बादशहानें आपल्या शोनब्रुन वाड्यांत प्राणिसंग्रह मांडला तो १७५२ सालीं. म्हणजे पर्वतीच्या तळ्याचें काम चालूं असतां. फ्रान्सच्या राजाकडे व्हर्सायला १७७० पासून एक गेंडा होता. पुण्यास गंगाराम गेंडा काढीत होता तेव्हां तोही जिवंत होता, आणि तिकडे राज्यक्रांति सुरू होऊन एक वर्ष झालें होतें. तो गेंडा १७९३ सालीं मेला, व राजाचे उरलेले प्राणी पॅरिसच्या सार्वजनिक बागेंत नेले. लंडनच्या किल्ल्यांत सहा शतकें सिंह व अस्वलें बांधलेलीं असत. तो संग्रह १८३५ सालीं मोडला, आणि त्यांतले पुष्कळ प्राणी प्राणिशास्त्रसंस्थेच्या नव्या बागेंत गेले. राजाचा शिकारखाना मोडावा आणि त्याच्या जागीं लोकांची बाग उभी राहावी, हा त्या काळाचा सगळीकडचाच प्रवाह होता. आमच्याकडे त्या दोन पायऱ्यांच्या मध्यें दीडशें वर्षें पडलीं, एवढाच फरक.

२७ ऑक्टोबर १७९५ रोजीं सवाई माधवराव वारले. शनवारवाड्याच्या वरच्या मजल्यावरून ते खालीं पडले, कीं त्यांनीं उडी घातली, हा वाद येथें नको. वय एकवीस. पुढें वर्षभर गादीसाठीं जी कारस्थानें झालीं त्यांत एखाद्या गेंड्याचें काय झालें हें विचारण्यास कोणास सवड होती? शिकारखान्याचा हा पहिला निरोप, आणि तो कोणीही न घेतलेला निरोप.

लोकांत असें म्हणण्याची चाल आहे कीं, पेशव्यांचा संग्रहच पुढें चालत येऊन महापालिकेच्या हातीं आला. तें खरें नव्हे. परिसर एक आहे, नांव मुद्दाम जोडलेलें आहे. पण मधली सांखळी तुटलेली आहे. यांत उद्यानाचा कमीपणा नाहीं. उलट १९५० सालीं महानगरपालिका झाल्यावर तीन वर्षांच्या आंत, १९५३ सालीं, लोकनियुक्त सभेनें राजाचा षोक उचलून पोरांच्या हातीं दिला, ही गोष्ट वारसाहक्कानें मिळण्यापेक्षां मोठी आहे. आमच्या विदर्भांत याचें उदाहरण नागपुरास आहे. भोंसल्यांची महाराजबाग इंग्रजी अमलांत सार्वजनिक झाली, आणि तेथें १८९४ पासून प्राणिसंग्रह आहे. तिच्या मान्यतेचाही प्रश्न २०१८ सालीं उभा राहिला होता, तेव्हां नागपूरकर किती हळहळले हें मी जवळून पाहिलें आहे.

पेशवे उद्यानाची जागा लहान, सुमारें सात एकर. त्यांत पिंजरे, हौद, पक्ष्यांच्या जाळ्या, झाडें आणि १९५६ पासून ‘फुलराणी’ नांवाची लहान आगगाडी. बालकवींच्या कवितेमुळें हें नांव महाराष्ट्रांत घरोघर ठाऊक होतें, तें या गाडीस मिळाल्यावर मुलांस कवितेआधीं गाडी ठाऊक होऊं लागली. मी वर्गांत ती कविता शिकवावयास घेतली कीं, ज्यांचें आजोळ पुण्यास असे अशीं एक-दोन मुलें हटकून म्हणत, “गुरुजी, मी बसलोंय तिच्यांत.” प्रथम मला राग येई; मागाहून मी त्यांस गाडीचेंच वर्णन करावयास लावूं लागलों.

मी स्वतः तींत बसलों तेव्हां सात-आठ वर्षांचा होतों. वर्ध्याहून निघून मनमाडास गाडी बदलून पुण्यास जावें लागे. मावशीकडे कोणाची तरी मुंज होती. मुंजीचें मला कांहीं आठवत नाहीं, वाघ आठवतो. पिंजऱ्यापुढें इतकी गर्दी होती कीं मामांनीं मला खांद्यावर घेतलें. वाघ एका कडेपासून दुसऱ्या कडेपर्यंत जाई, वळे, पुन्हां जाई. मला वाटलें, तो आम्हांस पाहण्यासाठींच फेऱ्या घालतो आहे.

त्यानंतर वीसेक वर्षांनीं शाळेची सहल घेऊन मी तेथें गेलों. चाळीस मुलें, दोन शिक्षक, एक शिपाई. बहुतेक मुलें सेलू तालुक्याच्या खेड्यांतलीं होतीं. आतां यांतला विपर्यास पाहा. आमच्या वर्धा जिल्ह्यांत बोरचें जंगल आहे. १९७० सालीं तें अभयारण्य झालें आणि २०१४ सालीं व्याघ्रप्रकल्प. त्या जंगलाच्या कडेच्या गांवांतलीं मुलें, ज्यांच्या बापांनीं वाघाच्या भयानें रात्रीं गोठ्याशीं जाग्रण केलेलें, तीं आयुष्यांतला पहिला वाघ पाहावयास दीडशें कोसांवर पुण्यास आलीं होतीं! त्यांतला एक मुलगा पुष्कळ वेळ उभा राहिला आणि मला म्हणाला, “गुरुजी, हा येडा झाला हाय.” मीं त्यास उगा केलें. इतर मुलें हंसलीं. पण पिंजऱ्यांतल्या पशूनें तेच तेच फेरे घालीत राहणें हें मनोविकाराचें लक्षण होय, असें प्राणिशास्त्रज्ञ सांगतात, हें मीं पुढें वाचलें तेव्हां त्या मुलाची आठवण झाली. माझ्या मामांच्या खांद्यावरून मीं जें पाहिलें होतें तेंही तेंच होतें.

उद्यान कां बंद झालें याचें कारण येथेंच आहे. १९७२ सालीं वन्यजीव संरक्षणाचा कायदा झाला. त्यांत १९९१ सालीं दुरुस्ती होऊन प्राणिसंग्रहांसाठीं स्वतंत्र प्रकरण आलें. १९९२ सालीं केंद्रीय प्राणिसंग्रहालय प्राधिकरण स्थापन झालें आणि मान्यतेचे नियम निघाले. प्राण्यास फिरण्यास किती जागा, लपण्यास आडोसा, आजारीपणांत वेगळी कोठडी, हें सर्व त्यांत आलें. सात एकरांत, एकीकडे सारसबागेची गर्दी आणि दुसरीकडे स्वारगेटचा गोंगाट, अशा जागीं तें साधण्यासारखें नव्हतें. कात्रजला १९८६ सालीं नीलिमकुमार खैरे यांच्या पुढाकारानें सर्पोद्यान उभें राहिलें होतें. त्यालगत सुमारें एकशें तीस एकरांवर राजीव गांधी प्राणिसंग्रहालय व्हावयाचें ठरलें. तें १९९९ सालीं सुरू झालें. पेशवे उद्यानांतले प्राणी टप्प्याटप्प्यानें तिकडे गेले, आणि २००५ च्या सुमारास हा संग्रह संपला.

कौटिल्याच्या भाषेंत बोलावयाचें तर पहिलें मृगवन मोडून दुसरें केलें. हा निर्णय बरोबर होता याविषयीं माझ्या मनांत शंका नाहीं. कांहीं मित्र म्हणतात कीं, शहराच्या मध्यावर असलेलें, पायीं जातां येणारें, गरिबाच्या पोरास परवडणारें एकच ठिकाण आम्हीं घालविलें. त्यांचें म्हणणें खोटें नाहीं. पेठेंतून पायीं जाणें आणि दोन पोरांस घेऊन कात्रजपर्यंत बसभाडें भरणें यांत अंतर आहे. पण सेलू तालुक्यांतल्या त्या मुलानें जें पाहिलें तें पाहिल्यावर मला त्या पक्षानें बोलतां येत नाहीं.

प्राणी हलविण्याचें काम चालूं असतां एका मे महिन्यांत मी पुण्यास बहिणीकडे होतों. सायंकाळीं भाच्यांस घेऊन उद्यानांत गेलों. कांहीं पिंजरे अद्यापि भरलेले होते, कांहीं रिकामे. मला चमत्कारिक वाटलें तें हें कीं, गर्दी रिकाम्या पिंजऱ्यांपुढेंही होती. कोणी सभा बोलाविली नव्हती, कोणी भाषण करीत नव्हतें. लोक आपापल्या मुलांस घेऊन येत होते आणि आंत कांहीं नसलेल्या गजांकडे बोट दाखवून सांगत होते. एक पागोटेंवाले वृद्ध गृहस्थ आपल्या नातवास म्हणत होते, “इथं बसला म्हणजे तो असा जिभेनं पंजा चाटायचा”; आणि नातू त्या जागेकडे असा पाहत होता कीं त्यास खरोखर कांहीं दिसत असावें. दोन बायका जाळीच्या खुंटास हात लावून उभ्या होत्या. त्यांतली एक दुसरीस सांगत होती कीं, लग्नानंतर पहिल्या रविवारीं ‘यांनीं’ मला येथें आणलें होतें. सासूच्या देखत नवऱ्याशीं बोलण्याची सोय नव्हती त्या काळीं. मोराच्या जाळीपुढें उभें राहून त्यांनीं पहिल्यानें मनमोकळें बोलणें केलें. अशा किती घरांचा संसार त्या जाळीपुढें सुरू झाला असेल!

राखणदारांपैकीं एकाशीं मी बोललों. निवृत्तीस एक-दोन वर्षें उरलेले गृहस्थ होते. आपण कोणत्या जनावरास किती वर्षें खाऊं घातलें याचा त्यांचा हिशेब तोंडपाठ होता. कोणतें जनावर आजारी पडलें तेव्हां डॉक्टर कोण होते, औषध कशांत कालवून दिलें, कोणतें जनावर कोणाच्या हातचें खाईना, हें सर्व ते अखंड सांगत होते. मीं विचारलें, “तुम्हीही कात्रजला जाणार काय?” ते म्हणाले, “जनावर जाईल तिथं जायचं. पण तें तिथं आपल्याला ओळखीलच असं नाहीं. तिथं जागा मोठी आहे, तें लांब जाऊन बसेल.” असें म्हणून ते हंसले, आणि मग कांहीं वेळ बोलले नाहींत. मीं त्यांचें बोलणें टिपून घेतलें नाहीं. याचा मला आज फार पश्चात्ताप होतो. पेशवेकालीन कागदांत शिकारखान्याचा खर्च सांपडावा म्हणून आम्ही दप्तरें धुंडाळतों, आणि जो मनुष्य स्वतः शिकारखान्याचें चालतें बोलतें दप्तर होता त्यास मीं अर्ध्या तासांत नमस्कार करून निघून आलों!

निघण्यापूर्वीं भाच्यांनीं फुलराणींत बसण्याचा हट्ट धरला. रांग लांब होती. रांगेंत मुलांपेक्षां मोठीं माणसें अधिक होतीं, आणि त्यांच्यासोबत मुलें असलींच पाहिजेत असा नियमही त्या दिवशीं कोणी पाळीत नव्हतें असें दिसलें. प्राणी गेल्यावरही ती गाडी तेथेंच राहिली.

कात्रजविषयीं एक गोष्ट सांगावयाची राहिली. तेथील प्राणिसंग्रहाच्या आवारांत जें तळें आहे तें नवें नव्हे. नानासाहेब पेशव्यांनीं पुण्यास पाणी आणण्यासाठीं अठराव्या शतकाच्या मध्यावर जें काम काढिलें, त्यांतलें तें आहे. त्याचें पाणी भुयारी नळांनीं शनवारवाड्यापर्यंत आणि पेठांतल्या हौदांपर्यंत जाई. पर्वतीचें तळें आणि कात्रजचें तळें हीं एकाच पेशव्याचीं, एकाच दशकांत आरंभिलेलीं कामें. त्यांतलें एक आटलें. त्याच्या कांठचे प्राणी उठून दुसऱ्याच्या कांठीं गेले. हा योग कोणी जाणून जुळविला असेल असें मला वाटत नाहीं. नातीस घेऊन मी मागील हिवाळ्यांत कात्रजला गेलों होतों. वाघ खंदकापलीकडे झाडींत निजला होता. त्याची पाठ तेवढी दिसत होती. नात म्हणाली, “आजोबा, हा कांहींच करीत नाहीं.” मीं तिला सांगितलें कीं, त्यानें कांहीं करूं नये यासाठींच त्यास येथें आणला आहे. तिला तें पटलें नाहीं, आणि आम्ही पाऊण तास तेथें उभे राहिलों. शेवटीं त्यानें कान हालविला.

माजी विद्यार्थ्यास मीं उत्तर धाडलें आहे, त्यांत गंगारामाच्या चित्राचें साल ठळक लिहिलें आहे. त्यांनीं उलट टपालीं मला दोन फोटो पाठविले. एकांत ते स्वतः तीन वर्षांचे असतां फुलराणीच्या खिडकींतून डोकावीत आहेत. दुसऱ्यांत त्यांचे वडील एका पिंजऱ्याशेजारीं उभे आहेत, आणि मागें गजांआड एक अस्पष्ट काळी आकृति आहे. ती कोणत्या पशूची हें दोघांसही ओळखतां आलें नाहीं. सवाई माधवरावांच्या गेंड्याचें चित्र सव्वादोनशें वर्षांवर टिकलें, कारण तें कोणी तरी काढिलें, मागें तारीख घातली आणि जपलें. ज्यांच्याकडे १९५३ नंतरचे पेशवे उद्यानांतले फोटो, तिकिटें, सहलीच्या वह्या किंवा राखणदारांच्या आठवणी असतील त्यांनीं त्यांच्या प्रती, मागील बाजूस साल व शक्य तर प्राण्याचें नांव लिहून, आपल्या मंडळाच्या कार्यालयाकडे धाडाव्या. फोटो पुसट असला तरी चालेल. मात्र साल अवश्य घालावें.